लक्ष्मीपुरीतल्या विनापाटीच्या खेकड्याच्या दुकानाचा रिव्ह्यू, पाचपैकी चार स्टार

कोल्हापुरात मटणावर लिहिणारे पोत्यानं हायत, खेकड्यावर कोण लिहीत नाही म्हणून हे लिहितोय. लक्ष्मीपुरी बाजाराच्या आतल्या बोळात एक मावशी आणि त्यांचा पोरगा बसतात. पाटी नाही, मॅपवर पिन नाही, कुणालाही "खेकडीवाल्या मावशी कुठं" म्हणून विचारा, हात करून दाखवतील. माल दोन प्रकारचा. एक आपल्याकडची गोड्या पाण्यातली काळपट खेकडी, गगनबावडा-राधानगरी साइडच्या ओढ्यातनं आणि भातखाचरातनं येणारी, आणि दुसरी कोकणातनं घाट चढून आलेली खाडीची चिंबोरी, दोरीनं करकचून बांधलेली.

चार स्टार कशाचे तर मावशी पोकळ खेकडा गुपचूप गळ्यात मारत नाहीत. परवा माझ्या पुढं एक वहिनी होत्या, त्यांनी मस्त चकचकीत मोठी चिंबोरी उचलली तर मावशी म्हणाल्या, "वहिनी, ती नगं, आत नुसतं पाणी हाय, आत्ताच कात टाकल्या तिनं, ही घ्या मळकी." वहिनींचं तोंड बघण्यासारखं झालं, कारण मळका खेकडा कोण पैसे देऊन घेणार. पण खरी गोम इथंच आहे आणि निम्म्या लोकांना ती माहीत नसते.

खेकड्याचं कवच वाढत नाही. अंग वाढायचं तर जुनं कवच टाकूनच द्यावं लागतं. पिल्लू असताना हे सारखं चालू असतं, मोठा झाला की दोन वेळांमधलं अंतर वाढत जातं. कात टाकायच्या आधी तो खाणं सोडतो, बिळात नाहीतर दगडाखाली दडून बसतो, जुन्या कवचातलं थोडं कॅल्शियम अंगात ओढून घेतो, आणि जुन्याच्या खाली नवीन मऊ कवच तयार होतं. मग पाणी पिऊन फुगतो, पाठीमागच्या बाजूला कवच उसवतं आणि घट्ट झालेल्या बुटातनं पाय काढावा तसा साहेब उलटा मागं सरकत बाहेर येतो, नांग्या तंगड्या सगळं ओढून. डोळ्यावरचं आवरण आणि पोटाच्या आतलं अस्तरसुद्धा त्या जुन्या कवचाबरोबर जातं. हे कधी करायचं त्याचा ब्रेक डोळ्याच्या देठात असतो, तिथनं येणारं हार्मोन कात टाकणं रोखून धरतं आणि ते कमी झालं की गाडी सुटते.

बाहेर आल्यावर परत पाणी ओढून तो मोठा होतो आणि त्या मापात नवीन कवच कडक होतं. म्हणजे साइज आधी वाढते, आतलं मांस मागनं हळूहळू भरतं. मधल्या काळात तुम्ही घेतलात तर वजनाला पाणी घेतलंत, शिजवल्यावर आत चिपाड. म्हणून पोट पांढरंफेक आणि पाठ नवी कोरी दिसली की सावध. पोटाकडनं, तंगड्यांच्या मुळापाशी अंगठ्यानं दाबायचं, दबलं तर ठेवून द्यायचं. पोट पिवळट-तपकिरी, पाठीवर ओरखडे, नांग्यांचे दात झिजलेले, हाताला जड, तो भरलेला. अमावस्येचा भरलेला आणि पौर्णिमेचा पोकळ असं आमच्या घरात पण म्हणतात, म्हणूदेत, मी अंगठ्यावर चालतो. मावशी दाबायला देतात, बाकी ठिकाणी हात लावला की ओरडतात.

असली पाणचट चिंबोरी कोकणात फेकत नाहीत बरं का. जाळीच्या कुंपणात सोडून, मासळीचे तुकडे घालून काही आठवडे पोसतात आणि भरली की विकतात. सिंधुदुर्गात कांदळवनातल्या खाड्यांत बचतगटांनी खेकडेपालन केलंय. आणि बाहेरदेशी उलटंच, कात टाकल्या टाकल्या मऊ असतानाच अख्खा तळून कवचासकट खातात, तो महाग.

एक नांगी बारकी असलेले खेकडे वेगळ्या टोपल्यात असतात, स्वस्तात. त्यात काही खराबी नसते. नांगी तुटली की पुढच्या कातीला छोटी फुटते आणि तीनचार काती झाल्या की बरोबरीला येते. रश्श्याला बिनधास्त घ्या, नांगीतलं मांस तेवढं कमी मिळतं.

मादी पाहिजे तर पोटाखालचं झाकण रुंद गोल बघायचं, नराचं निमुळतं. पावसाच्या तोंडाला मात्र मावशी ओढ्यातली पोटाशी पिल्लं असलेली मादी विकत नाहीत, गिऱ्हाईक मागतं तरी. मला हे लई पटलं. चिंबोरी समुद्रात जाऊन लाखांनी अंडी सोडवते, त्यातनं डोळ्याला न दिसणाऱ्या अळ्या निघतात, त्या पाच टप्पे पार करतात, मग मेगालोपा नावाचं शेपटीवालं रूप, मग कुठं बारका खेकडा, आणि वाटेत बहुतेक खपतात. आपल्या ओढ्यातल्या खेकडीचं तसं नाही, अळी-बिळी काही नाही, अंड्यातनं थेट बारीक खेकडंच निघतं आणि काही दिवस आईच्या पोटाखाली राहतं. अंडी मोजकी. म्हणजे एक मादी उचलली की अख्खं घर गेलं. रात्री बॅटरी घेऊन खेकडी धरायला जाणाऱ्या आपल्या भावांनी पण हे बघावं.

साफ करून देणं फ्री. पोरगा कल्ले काढतो, नांग्या हलक्या ठेचतो, बारक्या तंगड्या वेगळ्या बांधून देतो, त्या मिक्सरला फिरवून गाळून रश्श्यात घालायच्या, वर कांदा-लसूण चटणी, नाद खुळा. ओढ्याची खेकडी नीट शिजवा पण, अर्धकच्ची खाऊ नका, त्यातनं फुफ्फुसाचा जंत होऊ शकतो. मेलेला खेकडा मावशी ठेवतच नाहीत, तुम्हीपण कुठनं घेऊ नका, लगेच खराब होतो.

एक स्टार कापला तो दोरीचा. चिंबोरीला बांधलेली ओली सुतळी वजनातच धरतात आणि मोठ्या चिंबोरीचा दर आधीच मटणाला मागं टाकणारा, मग सुतळी त्या भावानं का घ्यायची? विचारलं तर पोरगा म्हणतो, "दादा, सोडून देऊ काय, पिशवीत घेऊन जाताय?" यावर आपण काय बोलणार. रविवारी दहाच्या आत जावा, नंतर मळके संपतात आणि नुसते चकचकीत उरतात. पार्किंग नाही, गाडी लांब लावून चालत या, सुट्टे पैसे ठेवा.