बंद पडलेल्या कंपनीचा 'अधिकृत' माणूस आणि माझे 18,799 रुपये

2019 मध्ये गच्चीवर 3 किलोवॅटचं सोलर बसवलं. पॅनेलची डीसी वीज घरात चालेल अशी करणारा डबा म्हणजे इन्व्हर्टर. त्याची कंपनी नंतर बुडाली, हे मला माहीत होतं. मार्चमध्ये किती वीज बनते ते दाखवणारं मोबाईलवरचं ॲप उघडेना. नेटवर नंबर शोधला आणि तिथेच फसलो.

'काका, त्या कंपनीचं सगळं काम आता आमच्याकडे आलंय. सर्व्हर बदलला नाही तर इन्व्हर्टर लॉक होईल.' नोंदणीचे 499, सर्व्हरचे 6,800. चार दिवसांनी एक पोरगा आला, इन्व्हर्टरच्या आतलं कार्ड गेलंय म्हणाला, आणखी 11,500 घेतले आणि इन्व्हर्टरच खोलून घेऊन गेला. शनिवारी आणतो म्हणाला. तेव्हापासून फोन बंद.

झोप उडवते ती एकच गोष्ट. त्यानं स्क्रूला हात लावायच्या आधी, भर दुपारी, मी जिन्याखाली इन्व्हर्टरसमोर उभा होतो. हिरवा दिवा चालू. डिस्प्लेवर 2,140 वॅट. मी तो आकडा मोठ्यानं वाचला! तो म्हणाला, 'जुना आकडा अडकलाय काका.' आणि मी मान डोलावली. अहो, ॲप बंद पडलं तर मोबाईलवर आकडे दिसत नाहीत, एवढंच. वीज इंटरनेटवर बनत नाही. शेजारी सोलरनं बनवलेली वीज मोजणारा जनरेशन मीटर होता, त्याचं रीडिंग दोनदा बघितलं असतं तरी कळलं असतं.

मी अडाणी नाही, 26 वर्षं हिशेब लिहिलेत. पण दीड वर्ष कंपनीत कुणी फोनच उचलत नव्हतं. कुणीतरी उचलला यानंच हायसं वाटलं. युपीआयवर कंपनीचं नाही, कुणा माणसाचं नाव आलं होतं. तुम्ही तिथेच थांबा.

पोलीस ठाण्यात म्हणाले, तुम्हीच हातानं दिलंत, चोरी कसली? सायबरला जा. सायबरवाले म्हणाले, वस्तू घरातून गेली, ठाण्यात जा. तीन फेऱ्या, दोन अर्ज, पोच एकाचीच. वीज कार्यालयात नवा इन्व्हर्टर लावायचं विचारलं, तर बसवणाऱ्या एजन्सीचं पत्र मागतात. ती एजन्सीही केव्हाच बंद झाली! पैसे आमचे, छत आमचं, आणि आम्ही पत्र कुणाकडून आणायचं? सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनला मी पाचव्या दिवशी फोन केला. तुम्ही पहिल्या तासात करा. सिरीयल नंबरचा फोटो आजच काढून ठेवा. आणि इन्व्हर्टर त्याच कंपनीचा लागतो हे खोटं आहे, व्होल्टेज आणि क्षमता जुळली की दुसऱ्याचा चालतो.

त्या पोरानं कनेक्टर न काढता पॅनेलच्या वायरी कापल्या होत्या. नऊ पॅनेल एका ओळीत, उन्हात उघड्या टोकांना चारशेच्या आसपास डीसी व्होल्ट, आणि घरात चार वर्षांची नात जिन्याखाली खेळते. ओळखीच्या वायरमननं येऊन डीसी बॉक्सचा स्विच पाडला, टोकं बंद केली, तोवर दोन दिवस त्या तशाच लोंबकळत होत्या.