मृत्युपत्राचा वाद कोर्टात असताना घर कोणी सांभाळायचं: मनाई हुकूम की प्रशासक?

वडील गेले, मृत्युपत्र धाकट्याच्या बाजूने निघालं, थोरल्याला वडिलांची सहीच पटत नाही. धाकट्याने मुंबई उच्च न्यायालयात प्रोबेटचा, म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याचा कोर्टाचा दाखला मिळवण्याचा, अर्ज टाकला. थोरल्याने कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय दाखला देऊ नका’ अशी हरकत, आणि त्यामागून प्रतिज्ञापत्र दिलं की अर्जाचा दावा होतो. निकालाला वर्षं लागतात. तोवर दादरचा फ्लॅट, बँकेतलं लॉकर आणि दुकानाचं भाडं कोणाच्या हातात राहणार?

पहिला मार्ग मनाई हुकुमाचा. कोर्ट सांगतं: विकू नका, गहाण टाकू नका, तिसऱ्याला ताबा देऊ नका. खर्च कमी, आणि निकड दाखवता आली तर लवकर मिळतो. अडचण अशी की प्रोबेट कोर्ट मृत्युपत्र खरं की खोटं एवढंच बघतं, मालकी ठरवत नाही. त्यामुळे समोरचा वकील उठतो आणि म्हणतो, दिवाणी प्रक्रिया संहितेचा मनाईचा आदेश ३९ वादातल्या मालमत्तेसाठी आहे, इथे मालमत्ता वादात आहेच कुठे? कोलकाता उच्च न्यायालयाने १९५१ मध्ये हा मुद्दा मानला, पण त्याच संहितेच्या कलम १५१ मधल्या कोर्टाच्या अंगभूत अधिकारात मनाई देता येते, असंही म्हटलं. म्हणून अर्जात दोन्ही तरतुदी घाला.

दुसरा मार्ग भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ च्या कलम २४७ चा. दावा चालू असेपर्यंत कोर्ट प्रशासक नेमतं. भाडं वसूल करणं, सोसायटीचा मेंटेनन्स भरणं, हिशेब देणं, सगळं तो करतो. वाटणी मात्र करू शकत नाही, आणि प्रत्येक पाऊल कोर्टाच्या देखरेखीखाली. पण नुसता भावाभावांत अविश्वास आहे म्हणून तो मिळत नाही, गरज दाखवावी लागते. शिवाय त्याचं मानधन साधारणपणे इस्टेटीतूनच जातं. कुलूप लावून ठेवलेल्या एका फ्लॅटसाठी प्रशासक मागणं म्हणजे चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला.

कंपन्यांचे शेअर असतील तर गोष्ट वेगळी. उद्योगपती एम. पी. बिर्ला यांच्या पत्नी प्रियंवदा बिर्ला २००४ मध्ये गेल्या, त्यांच्या मृत्युपत्राच्या वादात कोलकात्यात प्रशासक नेमले गेले आणि मग प्रशासकांचा अधिकार कुठवर, यावरच नवे वाद उभे राहिले.

त्याच उत्तराधिकार कायद्याच्या कलम १९२ चा झटपट उपाय जिल्हा न्यायाधीशाकडे आहे, तो कोणी बेकायदा ताबा घेतला तर. मृत्यूपासून सहा महिन्यांत अर्ज हवा. बहुतेक घरांत तेराव्यापासून समजुतीच्या बैठकाच चालतात आणि ही मुदत निघून जाते.

वडिलांची मालकीच वादात असेल, म्हणजे घर वडिलोपार्जित असेल, तर प्रोबेटमध्ये डोकं आपटू नका, वेगळा दिवाणी दावा लावा. मुंबईत त्या दाव्याची लिस पेंडन्सची, म्हणजे या मालमत्तेवर दावा चालू असल्याची, नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे ती नोंद नसेल तर मधल्या काळात घर घेणाऱ्याला मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ दाखवून अडवता येत नाही.

माझं मत विचाराल तर पडून असलेल्या मालमत्तेला मनाई, चालत्या मालमत्तेला प्रशासक. दुकानाचं भाडं एकटा भाऊ खिशात घालतो आहे आणि पावती देत नाही, तर २४७ च मागा. लॉकर मात्र दोन्हींत आधी. दोन्ही बाजू, बँकेचा अधिकारी आणि कोर्टाचा माणूस समोर बसवून यादी करून घ्या, नुसतं ‘पाटल्या दोन’ नको, वजनासकट लिहा.