मेटल गिअर: कथेच्या सालाने खेळायचा की बाजारात आला त्या क्रमाने?

मागच्या दिवाळीत भाच्याने विचारलं, "मामा, मेटल गिअर सुरू करायचाय. कुठून करू?" मी तोंड उघडायच्या आत त्याने मोबाइल पुढे केला. कुणीतरी बनवलेला तक्ता होता. १९६४ ते २०१४, कथेतल्या सालांप्रमाणे सगळे भाग ओळीने लावलेले. दिसायला एकदम चोख, आमच्या गावच्या तलाठ्याच्या वहीसारखा. मला हसू आलं, कारण तसाच तक्ता घेऊन मीही एकदा बसलो होतो.

व्हिडिओ गेमची ही मालिका तुम्हाला ऐकून माहीत असेलच, त्यामुळे लपूनछपून शिरणे, खोके डोक्यावर घेऊन सरपटणे वगैरे सांगत बसत नाही. प्रश्न क्रमाचा आहे, आणि या मालिकेत तो खरोखरच अवघड आहे. १९९८चा मेटल गिअर सॉलिड घडतो २००५मध्ये. २००१चा दुसरा त्याच्या पुढे, २००७ आणि २००९मध्ये. मग २००४चा तिसरा उडी मारून थेट १९६४मध्ये, शीतयुद्धातल्या रशियन जंगलात. २००८चा चौथा पुन्हा २०१४मध्ये. त्यानंतर २०१०चा पीस वॉकर १९७४मध्ये आणि २०१५चा फँटम पेन १९८४मध्ये. आणि हे सगळं ज्यातून उगवलं ते एमएसएक्स२ संगणकावरचे १९८७ आणि १९९०चे दोन जुने गेम कथेच्या हिशेबाने बरोब्बर मध्यात येऊन बसतात.

त्यात नायक असो की खलनायक, नाव बहुतेक वेळा स्नेकच. नेकेड स्नेक, सॉलिड स्नेक, लिक्विड, सॉलिडस, व्हेनम. एकाच वाड्यात चार बाळासाहेब असावेत तसं. थोरले कोण, धाकटे कोण, आणि परवा जे वारले ते नेमके कोणते, हे पाहुण्याला कळेपर्यंत जेवणं उरकतात. म्हणून नवखा माणूस तक्त्याकडे वळतो, त्यात नवल नाही.

कथेच्या क्रमाची बाजू आधी मांडतो, कारण ती लंगडी नाही. १९६४चा भाग पहिला घेतला तर मागचं काहीही माहीत असण्याची गरज पडत नाही. गुरू आणि शिष्य, एवढ्यावर तो उभा आहे, आणि माझ्या मते सगळ्या मालिकेत एकटा उभा राहू शकेल असा तो एकच गेम. ऑगस्ट २०२५मध्ये त्याची डेल्टा नावाने नवी आवृत्ती आली, त्यामुळे जुनाट वाटायचाही प्रश्न मिटला. (यातच तो दी एंड नावाचा म्हातारा बंदूकबाज आहे. त्याच्याशी लढत असताना मी गेम सेव्ह केला आणि परीक्षेला बसलो. पेपर संपवून आलो तर म्हातारा वयोमानाने गेलेला! आठवडाभर हात लावला नाही तर तो खरंच मरतो, हे मला तेव्हा माहीत नव्हतं.) तिथून पुढे तोच शिष्य, म्हणजे नेकेड स्नेक, १९७४मध्ये कोस्टा रिकात, मग १९८४मध्ये अफगाणिस्तानात. 'बिग बॉस' ही पदवी मिळाल्यावर तो कसकसा बदलत गेला ते एका सरळ रेषेत दिसतं. इथपर्यंत तक्ता अगदी बरोबर चालतो. मधला १९७०चा पोर्टेबल ऑप्स गाळला तरी काही अडत नाही.

टाळेबंदीत वेळच वेळ होता, तेव्हा मी असाच सुरू केला. फँटम पेन संपायला तीन आठवडे लागले. त्या गेममध्ये हात इतका मोकळा असतो की बोलायची सोय नाही. डोंगरावर पोटावर झोपून दुर्बिणीतून चौकी बघायची, हव्या त्या बाजूने उतरायचं, पहारेकऱ्याला फुग्याला बांधून आकाशात पाठवायचं. एका संध्याकाळी मी उगाच कळपातली मेंढरं तशी वर पाठवत बसलो होतो.

आणि दुसऱ्या दिवशी तक्त्याप्रमाणे पुढचा गेम लावला. १९९५मध्ये घडणारा, १९८७मध्ये केलेला.

आता चित्रं जुनी आहेत ही तक्रार नाही. वरून दिसणारा नकाशा, बोटाएवढा स्नेक, सरळ रेषेतच बघू शकणारे पहारेकरी, हे सगळं चालतं. लहानपणी याहून साधे गेम खेळलोय. माझं घोडं अडलं ते दारांवर. या गेममध्ये दारं उघडायला कार्डं लागतात. एक ते आठ. कुठल्या दाराला कुठलं कार्ड हे दारावर लिहिलेलं नाही. हातात जे कार्ड धरलंय तेच चालतं, खिशातली बाकीची नाहीत. म्हणजे दारापाशी जायचं, सामानाचा वेगळा पडदा उघडायचा, एक नंबर धरायचा, परत यायचं, दाराला धडकायचं. नाही उघडलं. पुन्हा पडदा, दोन नंबर, धडक. नाही. तीन नंबर. पाच-सहा कार्डं जमली की एकेका दारापाशी सोसायटीच्या नव्या वॉचमनसारखी किल्ल्यांचा जुडगा घेऊन झटापट.

हेही सोसलं असतं. पण काही खोल्यांमध्ये विषारी वायू आहे, आणि गॅस मास्कही सामानाच्या त्याच एका जागेत धरावा लागतो. मास्क धरला तर कार्ड नाही, कार्ड धरलं तर मास्क नाही. दुसऱ्या टोकाचं दार उघडायचं म्हणजे मास्क काढायचा आणि श्वास कोंडल्यासारखी एकेक कार्डं लावत बसायची, वर जिवाची पट्टी सरासरा उतरतेय. मला अजून आठवतंय, चौथं कार्ड लावलं तेव्हा पट्टी अर्धी झाली होती, पाचव्याला दार उघडलं, आणि पलीकडे पाऊल टाकलं तोच पहारेकरी समोर. मेलो. पुन्हा मागून सुरुवात. बायको शेजारी बसून मटार सोलत होती. म्हणाली, "कालच्या गेममध्ये तर तू मेंढ्या उडवत होतास."

गेमचा यात काही दोष नाही, हे मनापासून सांगतो. १९८७मध्ये लपून खेळण्याचा गेम ही कल्पना फारशी रुळलेली नव्हती, आणि त्या काळी ती दारंसुद्धा कोडं म्हणून मजेची वाटली असतील. १९९०च्या पुढच्याच भागात सरपटता येतं, रडार आलं, केवढी सुधारणा. १९९८मध्ये तर एकच कार्ड उरतं आणि दारावर आकडा लिहिलेला असतो. म्हणजे ज्या क्रमाने केले त्या क्रमाने खेळलं तर प्रत्येक गेममध्ये एकेक कटकट कमी होत जाते. कथेच्या क्रमाने खेळलं तर २८ वर्षांची सगळी सुधारणा एका रात्रीत हिरावून घेतली जाते. मी तिथेच तक्ता मिटला. जेमतेम तीन गेम पार केल्यावर.

दारांनी मला थांबवलं खरं, पण थांबल्यावर मागचं आठवत गेलो तेव्हा दुसरी गोष्ट ध्यानात आली, आणि ती दारांपेक्षा मोठी आहे. हे गेम एकमेकांना जोडलेले आहेत ते सालांनी नाहीत. खेळणाऱ्याला आधीचं काय आठवतंय, त्यावर ते जोडलेले आहेत.

१९६४च्या भागातलंच बघा. ऑसेलॉट नावाचा विशीतला उर्मट पोरगा भेटतो. पहिल्याच भेटीत तुम्ही त्याला लोळवता. आता समजा, तो बेशुद्ध पडलेला असताना तुम्ही त्याला गोळी घातली. गेम संपतो आणि एका कर्नलचा आवाज ओरडतो की तू काळाचा घोटाळा केलास, असं भविष्य बदलता येत नाही! हा विनोद कुणासाठी? ज्याने १९९८चा गेम खेळलाय त्याच्यासाठी. त्यात ऑसेलॉट पांढऱ्या केसांचा, रिव्हॉल्व्हरवर जीव असलेला म्हातारा आहे, आणि तो कर्नल तुमच्या कानात पहिल्यापासून बोलत असतो. सालाने पहिला असलेला गेम तुम्ही आधीचे तीन-चार खेळून आलाय असं धरूनच चालतो. माझ्या भाच्याने डेल्टापासून सुरुवात केली असती तर त्याच्या दृष्टीने ऑसेलॉट म्हणजे नुसता एक टवाळ पोरगा. रिव्हॉल्व्हर तुझ्या हाताला जास्त शोभेल असं स्नेक त्याला सांगतो तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता. भाच्याला ते वाक्य ऐकूसुद्धा आलं नसतं.

दुसऱ्या भागाचं तर सगळंच त्यावर आहे. २००१मध्ये लोकांनी सॉलिड स्नेकसाठी तो विकत घेतला आणि सुरुवातीच्या जहाजानंतर हातात आला रायडन नावाचा नवखा पोरगा. किती शिव्या बसल्या त्या वेळी! पण रायडनच्या तोंडाने तो गेम पहिल्या गेमचीच नक्कल का करत राहतो, हे पहिला ताजा असेल तरच कळतं. आणि चौथ्यात एके ठिकाणी शॅडो मोझेस बेटावर, म्हणजे १९९८चा गेम जिथे घडला तिथे, परत जायचं असतं. सुरुवातीला म्हाताऱ्या स्नेकचं स्वप्न, तेही प्लेस्टेशन १च्या त्याच भरड चित्रांत. मग जागा झाल्यावर तेच हेलिपॅड, तोच बर्फ, पण सगळं गंजलेलं, ओसाड. मी तिथे दहा मिनिटं काही न करता फिरत होतो. ही जागा तुमची ओळखीची नसेल तर तो फक्त आणखी एक बर्फाळ टप्पा आहे.

आता कुणी म्हणेल, मग बाजारात आल्याच्या क्रमातही ती १९८७ची दारं सगळ्यात आधी येतात की. बरोबर आहे. काटेकोर राहायचं तर तीच पहिली, आणि तिथून सुरू केलं तर निदान तुलनेला मेंढ्या नसतात. ज्यांना जुन्या गेमची आवड आहे त्यांनी जरूर तसं करावं. ऑक्टोबर २०२३मध्ये पहिल्या पाच गेमचा एकत्र संच आला आहे, त्यात ते दोन्ही आहेत. मी स्वतः मात्र १९९८पासून धरतो. त्यात मागच्या दोन गेमची हकिकत लिखित स्वरूपात दिलेली आहे, अर्ध्या तासात वाचून होते. आणखी एक गंमत: १९९८च्या गेमने १९९०च्या गेममधलं बरंच उचललंय. तापमानाप्रमाणे आकार बदलणारी किल्ली, लिफ्टमधली मारामारी. तक्त्याप्रमाणे दोन्ही लागोपाठ खेळलात तर तीच किल्ली दुसऱ्यांदा गरम-थंड करत फिरावं लागतं. उलट केलंत, म्हणजे १९९०चा मागाहून कधीतरी सवडीने खेळलात, तर आजोबांचा तरुणपणीचा फोटो सापडावा तसं वाटतं. निदान मला वाटलं.

या क्रमाचाही काच आहेच, लपवत नाही. पहिल्यात मागे-पुढे पळापळ फार. चौथा आला तेव्हा तो फक्त प्लेस्टेशन ३वर होता, तो मिळवायला मला मित्राच्या माळ्यावरचं मशीन उतरवावं लागलं, आणि त्यातली दृश्यं इतकी लांब की मध्येच उठून चहा करून आलो तरी बोलणं चालूच. शेवट फँटम पेनवर होतो, जो अर्धवट वाटतो. त्याचं एक्कावन्नावं मिशन गेममध्ये आलंच नाही, विशेष आवृत्तीच्या डिस्कवर कच्च्या तुकड्यांत दाखवलं गेलं. पण त्या गेमच्या शेवटी जो उलगडा आहे तो १९८७ आणि १९९०च्या गेममध्ये बिग बॉसचं काय झालं हे ठाऊक असणाऱ्यालाच लागतो. सालाने मधला, पण समजायला शेवटचा.

एकच गेम खेळून सोडायचा असेल तर डेल्टा घ्या, यात माझ्या मनात शंका नाही. हाताला जुने गेम अजिबात पचत नसतील तर तक्ता फँटम पेनपर्यंत चालवा आणि तिथेच थांबा. तेही वाईट नाही. माझा कल कुठे आहे ते तुम्हाला कळलंच असेल.

भाच्याने १९९८पासून सुरू केलं. परवा रात्री त्याचा फोन आला. गेममध्ये मेरिल नावाच्या पोरीला रेडिओवर गाठायचं असतं, आणि तिचा नंबर सीडीच्या डब्याच्या पाठीवर आहे असं सांगतात. "डब्याची पाठ म्हणजे कुठे रे मामा? मी तर डाउनलोड केलाय." मी सांगलीतल्या गेम पार्लरमधून भाड्याने आणलेली सीडी आठवली. डबा कुठला, प्लास्टिकच्या पिशवीत नुसती चकती होती. रेडिओ १४०.८५वर होता, मी तिथून एकेक आकडा वर सरकवत गेलो होतो, १४१च्या पार पुढे, दोन संध्याकाळी.

"उत्तर सांगत नाही," म्हटलं. "वर जाऊ नकोस, खाली ये."