बियास कुंड की हेमकुंड? ठाण्याहून हिमनदी बघायला निघण्याआधी

आमच्या सोसायटीतली एक मुलगी दर रविवारी पहाटे येऊरच्या डोंगरात जाते, पावसाळा ओसरला की माहुलीचा किल्ला करते. मागच्या आठवड्यात जिन्यात गाठ पडली तेव्हा म्हणाली, "काकू, एकदा तरी हिमनदी जवळून बघायचीय. तंबूत राहायचं नाही, कारण आई बरोबर आहे. सकाळी निघून संध्याकाळी परत येता येईल असं काय आहे? बियास कुंड करू की हेमकुंड?"

बियास कुंड हिमाचलात मनालीजवळ, हेमकुंड उत्तराखंडात. मी दोन्हीकडे जाऊन आले आहे. हेमकुंडला दहा वर्षांपूर्वी, बियास कुंडला गेल्या सप्टेंबरात. जिन्यात उभ्या उभ्या दिलेलं उत्तर अपुरं राहिलं, म्हणून हे सविस्तर लिहिते.

आधी एक गोष्ट. आपण सह्याद्रीत फिरणारी माणसं वाट किती किलोमीटरची आणि चढ किती, एवढंच विचारतो. हिमालयात पहिला प्रश्न वेगळा असतो: त्या उंचीवर जाण्याआधी शरीराला किती रात्री मिळणार? ठाण्यात आपण जवळजवळ समुद्रसपाटीला झोपतो. कळसूबाई १,६४६ मीटर, म्हणजे महाराष्ट्राचं सर्वोच्च टोक, आणि तेही मनालीच्या बाजारापेक्षा खाली आहे. मनाली साधारण २,०५० मीटरवर वसली आहे. तेव्हा "मी कळसूबाई दोन तासांत चढते" हे पायांचं प्रमाणपत्र झालं. विरळ हवेत तुमचं शरीर कसं वागेल, ते त्यातून कळत नाही.

बियास कुंड सुमारे ३,७०० मीटरवर आहे आणि हेमकुंड सुमारे ४,३३० मीटरवर. पहिल्या ठिकाणी प्रत्येक श्वासाला ठाण्यापेक्षा साधारण ३६ टक्के कमी प्राणवायू मिळतो, दुसऱ्या ठिकाणी ४० टक्के कमी. आकड्यांत फरक थोडाच दिसतो, पण शेवटच्या तासाभराच्या चढावर तो पावलापावलाला जाणवतो.

डोळ्यांना काय दिसतं

इथे दोन्ही जागा इतक्या वेगळ्या आहेत की खरं तर निवड इथेच व्हायला हवी.

बियास कुंडला हिमनदी दिसते, पण मनात असते तशी नाही. मनालीहून गाडीने सोलंगमार्गे धुंडीपर्यंत जायचं. अटल बोगद्याचं दक्षिणेकडचं तोंड इथून जवळच आहे. तिथून पायवाट सुरू होते. सुरुवातीला नदीकाठची कुरणं लागतात आणि मोसमात गद्दी मेंढपाळांचे कळप भेटतात. दोन-अडीच तासांनी बकरथाच येतं. पहाडी बोलीत थाच म्हणजे उंचावरचं चराऊ कुरण. समोर हनुमान टिब्बा, एका अंगाला शितीधार आणि फ्रेंडशिप ही शिखरं उभी असतात. मनालीच्या गिर्यारोहण संस्थेचे विद्यार्थी शिकायला याच भागात येतात, त्यामुळे दोरांची भेंडोळी खांद्यावर घेतलेली तरुण मुलं वाटेत दिसतात.

बकरथाच मागे पडलं की हिरवं संपतं आणि दगड सुरू होतात. घागरीएवढे, कपाटाएवढे, काही तर रिक्षाएवढे. हा हिमोढ. शाळेच्या भूगोलात आपण हा शब्द पाठ केला होता, इथे त्यावरून दोन तास चालावं लागतं. हिमनदी डोंगर खरवडत खाली येते आणि खरवडलेलं सगळं कडेला आणि टोकाशी टाकते, त्याचे हे ढिगारे. आपल्याकडच्या घसाऱ्याची सवय इथे थोडी कामी येते, पण घसाऱ्यावर पाय सरकतो आणि इथे अख्खा दगड डुगडुगतो.

मी हिमनदी शोधत होते आणि गाइड म्हणाला, "दीदी, समोर बघताय तीच." समोर करड्या दगडमातीचा लांबच लांब उतार होता, पांढरं काहीच नाही. मग त्याने काठीने दाखवलं. एका जागी माती घसरून गेली होती आणि तिच्याखाली काळपट निळ्या बर्फाची भिंत ठिबकत होती. हिमालयातल्या कितीतरी हिमनद्यांचा खालचा भाग असा दगडांच्या गोधडीखाली असतो. त्यानंतर दहा मिनिटं आम्ही कोणी बोललो नाही. दगडांखालून वाहत्या पाण्याचा आवाज येत होता आणि मधूनच एखादा दगड सुटून गडगडत होता. हिमनदी काम करत असते म्हणजे काय, ते मला तिथे कळलं. आजही तो आवाज आठवला की अंगावर काटा येतो.

कुंड मात्र लहान आहे. आपल्या ठाण्याच्या तलावपाळीच्या एका कोपऱ्यात मावेल एवढं. पाणी करडं-हिरवट आणि दुधाळ दिसतं, कारण बर्फाखाली दगड दगडावर घासून झालेलं पिठासारखं बारीक चूर्ण त्यात तरंगत असतं. व्यासमुनी इथे स्नानाला येत अशी श्रद्धा आहे आणि बियास नदीचा हा उगम मानतात. फोटोत निळंशार, विस्तीर्ण तळं हवं असेल तर इथे निराश व्हाल.

ते तळं हेमकुंडला आहे. मोठं, नितळ, भोवती शिखरांचं कडं, आणि सकाळी वारा पडलेला असला तर सगळं कडं पाण्यात उलटं उतरलेलं. काठावर ताऱ्याच्या आकाराचा गुरुद्वारा आहे. गुरू गोविंदसिंगांनी पूर्वजन्मी इथे तप केलं अशी शीख बांधवांची श्रद्धा. शेजारीच लोकपाल लक्ष्मणाचं लहानसं मंदिर आहे. जुलै ते सप्टेंबरात वरच्या उतारांवर ब्रह्मकमळं फुलतात. वर पोचल्यावर लंगरातली गरम खिचडी आणि चहा हातात मिळतो, आणि त्या थंडीत त्याची किंमत काय असते ते तिथेच कळतं.

पण हेमकुंडला हिमनदी भेटत नाही. तळ्याची वाटी एकेकाळी हिमानेच कोरलेली, पण आज तिथे उभं राहून तुम्हाला हिमनदीचं टोक दिसत नाही. मोसमाच्या सुरुवातीला अटलाकोटीजवळ वाट बर्फाच्या भिंतींमधून जाते, ती दरवर्षी लष्कराचे जवान कापून मोकळी करतात. स्थानिक लोक त्यालाच ग्लेशियर म्हणतात. दृश्य रोमांचक असतं, पण सप्टेंबरपर्यंत त्यातलं बरंच वितळून गेलेलं असतं. हिमनदी बघणं हाच हेतू असेल तर मी निःसंकोच बियास कुंड सांगेन.

वाट आणि वाटाड्या

हेमकुंडची वाट पायथ्याच्या घांघरिया या मुक्कामाच्या गावापासून सहा किलोमीटर, फरसबंद, चुकणं अशक्य. यात्रेच्या दिवसांत पुढे-मागे माणसं असतातच. गाइडची गरज नाही. मात्र चढ सलग आहे: घांघरिया सुमारे ३,०५० मीटरवर, म्हणजे सहा किलोमीटरमध्ये जवळजवळ १,३०० मीटर. बारी गावातून कळसूबाई साधारण ९०० मीटर चढावी लागते. तिच्या दीडपट चढ, तोही विरळ हवेत. वर मुक्कामाला परवानगी नाही, दुपारी खाली उतरावंच लागतं.

बियास कुंडला चढ कमी, सातशे-आठशे मीटर, आणि जाऊन-येऊन पंधरा किलोमीटरच्या आसपास. पण हिमोढात वाट अशी नाहीच. दगडांवर दगड रचून केलेल्या खुणा असतात, धुकं आलं की त्याही दिसेनाशा होतात. शिवाय ओढे ओलांडायचे असतात. सकाळी गुडघ्याखाली असलेलं पाणी दुपारी उन्हाने बर्फ वितळला की वाढतं, आणि परतताना तोच ओढा वेगळा भासतो. म्हणून इथे स्थानिक गाइड घ्याच. सह्याद्रीत वीस वर्षं फिरला असाल तरी घ्या.

गाइड ठरवताना मी तीन गोष्टी विचारते. एका गाइडमागे किती माणसं? किती वाजता, कुठेही असलो तरी, मागे फिरायचं? आणि कोणाला त्रास झाला तर त्याच्याबरोबर खाली कोण उतरणार? तिसऱ्या प्रश्नाला ज्याच्याकडे उत्तर नसतं, त्याच्याबरोबर मी जात नाही. नोंदणी आणि परवानगीचे कागद कोण करणार, हेही आधीच स्पष्ट करून घ्या.

आईला कुठे न्यायचं

हेमकुंडला खेचरं मिळतात, पाठीवरच्या टोपलीत बसवून नेणारे कंडीवाले मिळतात. त्यामुळे "वयस्कर माणसांना हेमकुंड सोपं" असं सगळे सांगतात. मला हे पटत नाही. खेचर पायांचे कष्ट वाचवतं, हवेतला प्राणवायू वाढवत नाही. उलट चालणारा माणूस दमला की थांबतो, श्वास घेतो. बसून गेलेला माणूस दोन-तीन तासांत ४,३०० मीटरवर पोचतो आणि त्याचं त्यालाच कळत नाही.

आमच्या वेळी ज्या सहल कंपनीबरोबर गेलो, तिने घांघरियाजवळच्या फुलांच्या दरीचा (व्हॅली ऑफ फ्लॉवर्स) दिवस पावसाचं कारण देऊन गाळला आणि घांघरियाला पोचल्याच्या दुसऱ्या सकाळी थेट वर नेलं. माझ्या सासूबाई खेचरावर होत्या. वर पोचल्यावर त्यांचं डोकं ठणकायला लागलं, उलट्या झाल्या, नावं गोंधळायला लागली. यजमानांनी त्यांना तसंच खाली उतरवलं. घांघरियाला येईपर्यंत बरं वाटू लागलं, पण ते तीन तास मी विसरलेले नाही. डोकेदुखी, मळमळ, चालताना तोल जाणं, बोलण्यात गोंधळ: यातलं काही दिसलं की खाली उतरायचं, दर्शन राहिलं तरी. उंचीच्या आजारावर गोळ्या आहेत, पण डॉक्टरांना विचारूनच, आणि सल्फाची ॲलर्जी असेल तर ते आधी सांगून. रक्तदाब किंवा हृदयाचा त्रास असलेल्या माणसाला डॉक्टरांच्या होकाराशिवाय दोन्हीपैकी कुठेही नेऊ नये.

या मुलीच्या आईला रक्तदाब आहे. म्हणून मी सुचवलं की आईंनी मनालीपर्यंत यावं. चढाईच्या दिवशी त्या हिडिंबा मंदिराच्या देवदारांत फिरतील, दुसऱ्या दिवशी दोघी मिळून अटल बोगद्यातून पलीकडच्या सिस्सू गावाला जाऊन येतील.

रजा किती, आणि कधी

बियास कुंडसाठी ठाण्यातून निघून परत यायला मी सहा-सात दिवस धरते. दिल्ली, तिथून रात्रीची बस, मनालीत पहिला दिवस पूर्ण आराम, दुसऱ्या दिवशी सोलंगच्या बाजूला दोन-तीन तासांची हलकी चाल, तिसऱ्या दिवशी कुंड. झोप पुन्हा मनालीतच, आणि खाली झोपायला मिळणं हा या सहलीचा मोठा फायदा आहे.

हेमकुंडला आठ-नऊ दिवस हवेत. ऋषिकेश, मग जोशीमठ किंवा गोविंदघाट, मग घांघरियाची चाल, मग एक दिवस फुलांच्या दरीत, आणि त्यानंतरच हेमकुंड. दरीचा दिवस ही चैन नाही, शरीराला सवय लागण्याचा तो दिवस आहे. पाच दिवसांत हेमकुंड उरकून देतो म्हणणाऱ्याला नकार द्या. मार्च २०२५ मध्ये गोविंदघाट ते हेमकुंड १२.४ किलोमीटरच्या रोपवेला केंद्रीय मंत्रिमंडळाने मंजुरी दिली आहे. तो झाल्यावर तर ही काळजी जास्तच घ्यावी लागेल.

मे महिन्याच्या सुट्टीत दोन्हीपैकी काहीच नीट जमत नाही: बियास कुंड बर्फाखाली असतं आणि हेमकुंड उघडतंच मेअखेरीस किंवा जूनमध्ये. दिवाळीपर्यंत हेमकुंड बंद झालेलं असतं. जुलै-ऑगस्टमध्ये दोन्ही रस्त्यांवर दरडी कोसळतात. फुलांसाठी ती जोखीम घेणारे घेतात, पण हातात दोन दिवस जास्तीचे ठेवावे लागतात. माझ्या मते गणपतीचं विसर्जन झालं की निघावं. आकाश धुतलेलं असतं, ओढे उतरलेले असतात.

गोमुखचं नावही तिने काढलं होतं. गंगोत्री हिमनदी जवळपास तीस किलोमीटर लांब आहे, आणि तिचं मुख बघणं याला तोड नाही. पण गंगोत्रीहून एका बाजूने अठरा किलोमीटर, म्हणजे भोजबासाला मुक्काम आलाच, शिवाय रोज मोजक्याच लोकांना परवाना. काश्मीरमधल्या सोनमर्गची थाजीवास हिमनदी सोपी आहे, लहान मुलांना घेऊन जाणाऱ्यांसाठी चांगली.

तिने अखेर बियास कुंड ठरवलं आहे, सप्टेंबरअखेरीस. तोपर्यंत दर पंधरा दिवसांनी माहुली, पाठीवर पाच किलोची सॅक घेऊन. पहिल्या खेपेला मीही येते म्हटलंय. सकाळची कसारा लोकल पकडून आसनगावला उतरायचं.