आयर्लंडच्या लढ्यातील स्त्रिया : नाशिकमधील एका वाचनवर्गाचे परीक्षण

गंगापूर रोडलगतच्या एका खासगी अभ्यासिकेत रविवारी सकाळी सशुल्क वाचनवर्ग भरतात. एकच विषय घ्यायचा, त्यावर सहा बैठका सलग चालवायच्या आणि प्रत्येक बैठकीत एखादे मूळ कागदपत्र किंवा छायाचित्र समोर ठेवून ते सर्वांनी मिळून वाचायचे, अशी तेथील रीत आहे. यंदा त्यांनी आयर्लंडच्या प्रजासत्ताकवादी चळवळीतील स्त्रिया हा विषय घेतला होता. शुल्क १२०० रुपये, विद्यार्थ्यांना निम्मे, आणि त्यातच टिपणांची छापील मराठी पुस्तिका मिळते. नाशिकमध्ये बसून डब्लिनच्या स्त्रियांचा इतिहास कशासाठी वाचायचा, असे नावनोंदणीच्या वेळी अनेकांनी विचारले. टिळक आणि ॲनी बेझंट यांनी १९१६ मध्ये होमरूल लीग स्थापन केल्या तेव्हा त्यांच्यासमोर आयर्लंडचाच नमुना होता, एवढे उत्तर त्या वेळी देता आले. वर्ग पूर्ण झाल्यावर त्याहून पुष्कळ भक्कम उत्तर हाती आले आहे, म्हणून हे परीक्षण सविस्तर लिहीत आहे.

मार्गदर्शन करणाऱ्या मॅडम इतिहासाच्या निवृत्त प्राध्यापिका आहेत. वीरांगनांची चरित्रे एकामागून एक सांगून टाळ्या मिळवण्याचा सोपा मार्ग त्यांनी घेतला नाही. पहिल्या बैठकीत ब्रिटिश सत्तेविरुद्ध डब्लिनमध्ये झालेल्या १९१६ च्या उठावाला त्यांनी हातसुद्धा लावला नाही. सुरुवात केली ती १८८१ च्या लेडीज लँड लीगपासून. कुळांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या लँड लीगचे पुढारी तुरुंगात गेले, तेव्हा त्यांतील प्रमुख चार्ल्स स्टुअर्ट पार्नेल यांची बहीण ॲना आणि त्यांच्या सहकारी स्त्रियांनी सारा कारभार अंगावर घेतला, जमिनीवरून हुसकावलेल्या कुटुंबांसाठी निवारे उभे केले आणि खेड्यापाड्यांत सभा घेतल्या. १८८२ मध्ये पुढारी सरकारशी तडजोड करून सुटले आणि त्याच वर्षी स्त्रियांची संघटना गुंडाळण्यात आली. ॲना यांनी त्या काळाची लिहून ठेवलेली हकीकत त्यांच्या हयातीत प्रसिद्धही झाली नाही. अडचणीच्या काळात स्त्रियांकडे आलेला कारभार अडचण सरताच त्यांच्याकडून काढून घेतला जातो, ही पुढच्या प्रत्येक बैठकीत पुन्हा पुन्हा समोर येणारी गोष्ट येथेच ठळकपणे मांडली गेली, आणि ही सुरुवात मला अत्यंत योग्य वाटली.

मॉड गॉन यांनी १९०० मध्ये स्थापन केलेली ‘इनीनी ना हेरन’ ही स्त्रियांची संघटना, तिने डब्लिनच्या गरीब शाळकरी मुलांच्या जेवणासाठी केलेले काम आणि हेलेना मोलोनी यांच्या संपादनाखाली १९०८ पासून निघालेले तिचे मासिक, यांवरील बैठक नीट झाली. पण तीत विशेष सांगण्यासारखे काही घडले नाही. खरा कस लागला तो १९१६ च्या बैठकीत.

त्या दिवशी टेबलावर एकच छायाचित्र होते. २९ एप्रिल १९१६, शनिवार. उठावाचे सेनापती पॅट्रिक पिअर्स ब्रिटिश जनरल लो यांच्यासमोर शरणागती पत्करत आहेत. मॅडमनी ते मोठ्या आकारात छापून आणले होते आणि काहीही न सांगता ते हातोहात फिरवले. पिअर्स यांच्या पायांशी नीट पाहिले तर आणखी दोन पावले दिसतात आणि वर कोटाचा थोडासा घेर. ती एलिझाबेथ ओफॅरल यांची पावले आहेत. ‘कुमन ना मन’ या १९१४ मध्ये स्थापन झालेल्या स्त्रियांच्या दलातील ही परिचारिका पांढरे निशाण हाती घेऊन मूर स्ट्रीटवरून, गोळीबाराच्या टप्प्यातून, ब्रिटिश सैनिकांपर्यंत एकटी चालत गेली होती. नंतर शरणागतीचे आदेश शहरातील वेगवेगळ्या ठाण्यांवर पोहोचवण्याचे कामही त्यांनीच केले. पुढे हे छायाचित्र छापताना काही ठिकाणी ती पावलेसुद्धा पुसून टाकण्यात आली. वर्गात बराच वेळ कोणी बोलले नाही. मग एका विद्यार्थिनीने हा कट होता असे ठामपणे सांगितले, तेव्हा मॅडमनी तिला थांबवले. छायाचित्र घेतले जात असल्याचे पाहून आपणच मागे सरकलो, असे ओफॅरल यांनी उतारवयात सांगितल्याची नोंद आहे, हे त्यांनी पुढे ठेवले. त्या मागे का सरकल्या असतील आणि उरलेली पावले पुसावीत असे दुसऱ्या कोणाला का वाटले असेल, हे दोन वेगळे प्रश्न आहेत आणि त्यांची उत्तरेही वेगळी शोधावी लागतील, हे त्यांनी इतक्या शांतपणे समजावले की पुराव्याचा मान राखणे म्हणजे काय, ते त्या अर्ध्या तासात दिसले.

याच बैठकीत जुन्या नाशिकमधील एका वयस्कर काकूंनी येसूवहिनी सावरकरांचा विषय काढला. १९०९ मध्ये विजयानंद नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सनचा वध झाला, अनंत कान्हेरे आणि त्यांच्या साथीदारांची नावे शाळेतल्या मुलांनाही ठाऊक असतात. पण नाशिकमध्ये स्त्रियांना संघटित करणाऱ्या आणि पती बाबाराव अंदमानात असतानाच जगाचा निरोप घेणाऱ्या येसूवहिनींविषयी दोन वाक्यांपलीकडे कितीजणांना सांगता येईल, असे त्यांनी विचारले. मॅडमनी हा प्रश्न विषयांतर म्हणून बाजूला सारला नाही. अटक झालेल्या घरांतील स्त्रियांनी निरोप, पैसा, कागद आणि उपासमार कशी सांभाळली, हे डब्लिनमध्ये शोधता आले याचे एक कारण त्यांनी सांगितले: आयरिश सरकारने १९४७ ते १९५७ या काळात लढ्यात भाग घेतलेल्यांच्या १७७३ लेखी साक्षी गोळा केल्या, त्यांत स्त्रियांच्याही आहेत, आणि आज त्या कोणालाही वाचता येतात. आपल्याकडे असे काम वेळेत आणि पद्धतशीरपणे झाले असते तर गोदाकाठच्या वाड्यांतून काय काय हाती लागले असते, ही हळहळ वर्गात सगळ्यांनाच वाटली. माझ्या मते संपूर्ण वर्गातील ही सर्वांत मोलाची चर्चा होती.

कॉन्स्टन्स मार्किएविच यांना मात्र मर्यादित वेळ मिळाला, आणि त्याबद्दल मतभेद होऊ शकतात. सेंट स्टीफन्स ग्रीनवरील तुकडीच्या त्या दुय्यम सेनानी होत्या; त्यांची फाशीची शिक्षा केवळ स्त्री म्हणून जन्मठेपेत बदलली गेली. १९१८ मध्ये ब्रिटिश संसदेवर निवडून आलेल्या त्या पहिल्या स्त्री, पण त्यांनी तेथे जागा घेतली नाही, आणि १९१९ मध्ये आयर्लंडच्या पहिल्या डॉइलमध्ये, म्हणजे आयरिश संसदेत, त्या कामगारमंत्री झाल्या. त्यानंतर आयर्लंडच्या मंत्रिमंडळात दुसरी स्त्री येण्यास १९७९ साल उजाडावे लागले. एवढे सांगून मॅडम विनिफ्रेड कार्नी, रोझी हॅकेट आणि डॉ. कॅथलीन लिन यांच्याकडे वळल्या. एक टाइपरायटर आणि पिस्तूल घेऊन उठावाचे मुख्य ठाणे असलेल्या टपाल कार्यालयात शिरलेली सचिव, बिस्किटाच्या कारखान्यात काम केलेली कामगार कार्यकर्ती आणि सिटी हॉलमधील तुकडीचा प्रमुख मारला गेल्यावर तिची सूत्रे हाती घेणारी डॉक्टर, अशा तिघींचा हा परिचय होता. लिन यांनी पुढे १९१९ मध्ये मॅडलिन फ्रेंच-मलन यांच्यासह डब्लिनच्या गरीब वस्तीतील तान्ह्या मुलांसाठी सेंट अल्टन्स रुग्णालय उभारले, हे ऐकल्यावर उठावाकडे पाहण्याची दृष्टीच बदलते. मार्किएविच यांच्याविषयी अन्यत्र वाचायला पुष्कळ मिळते. या इतर स्त्रियांविषयी मराठीत फारसे काही माझ्या वाचनात आलेले नाही, म्हणून वेळेची ही वाटणी मला पटली.

लढा संपल्यानंतरच्या काळावरील बैठकीत मार्गारेट स्किनिडर यांच्या निवृत्तिवेतनाची कथा वाचली. स्कॉटलंडमध्ये जन्मलेल्या, ग्लासगोत गणित शिकवणाऱ्या या शिक्षिका उठावात नेमबाज म्हणून लढल्या आणि त्यांना तीन गोळ्या लागल्या. स्वतंत्र आयर्लंडमध्ये त्यांनी जखमी सैनिक म्हणून निवृत्तिवेतन मागितले, तेव्हा कायद्यातील ‘सैनिक’ म्हणजे पुरुष असे कारण देऊन १९२५ मध्ये तो अर्ज फेटाळण्यात आला. अखेर त्यांना निवृत्तिवेतन मिळाले ते १९३८ मध्ये. वर्गात पंचायत समितीतून निवृत्त झालेले एक गृहस्थ होते. त्यांनी पुस्तिकेतील हा मजकूर पुन्हा मोठ्याने वाचून दाखवला आणि असे शेरे फाइलवर कसे चढतात, एक कलम कसे पुढच्याच्या हाती ढाल होते, हे आपल्या नोकरीतील माहितीच्या आधारे समजावून सांगितले. अशा श्रोत्यांमुळे वर्ग समृद्ध होतो, आणि मॅडम त्यांना बोलू देतात, ही या सेवेची मोठी जमेची बाजू आहे.

ब्रिटनशी झालेल्या १९२१ च्या करारावरील भागही याच ओघात आला. डॉइलमधील सहाही स्त्री सदस्यांनी कराराविरुद्ध मत दिले आणि ‘कुमन ना मन’ने ४१९ विरुद्ध ६३ मतांनी तो नाकारला, त्यामुळे नव्या राज्यकर्त्यांच्या मनात या स्त्रियांविषयी अढी बसली. करारावरून पेटलेल्या यादवी युद्धात शेकडो स्त्रिया तुरुंगात गेल्या, तेही परक्यांच्या नव्हे, स्वकीयांच्या सरकारच्या. १९१६ चा जाहीरनामा स्त्री-पुरुष दोघांना उद्देशून होता आणि समान हक्कांचे वचन देत होता. १९३७ च्या राज्यघटनेत मात्र स्त्रीच्या घरातील जीवनाचा गौरव करणारे आणि आईने आर्थिक गरजेपोटी घराबाहेर कामाला जाऊ नये अशी अपेक्षा ठेवणारे कलम आले. हॅना शीही-स्केफिंग्टन आणि कॅथलीन क्लार्क यांच्यासारख्या जुन्या कार्यकर्त्यांनी त्याला कडाडून विरोध केला. ते कलम बदलण्याचा प्रस्ताव मार्च २०२४ मधील सार्वमतात फेटाळला गेला, त्यामुळे ते आजही कायम आहे. हॅना यांच्यासोबत १९०८ मध्ये मताधिकाराची संघटना स्थापन करणाऱ्या मार्गारेट कझिन्स पुढे भारतात आल्या आणि त्यांच्या पुढाकाराने अखिल भारतीय महिला परिषदेचे पहिले अधिवेशन १९२७ मध्ये पुण्यात भरले, हा दुवा मॅडमनी जाता जाता सांगितला. खरे तर त्यावर स्वतंत्र बैठक ठेवता आली असती.

माझी गंभीर तक्रार शेवटच्या बैठकीविषयी आहे. ब्रिटनकडेच राहिलेल्या उत्तर आयर्लंडमधील १९६९ नंतरचा संघर्ष हा संपूर्ण विषय एकाच सकाळी उरकण्यात आला. बर्नडेट डेव्हलिन वयाच्या एकविसाव्या वर्षी खासदार झाल्या; जुलै १९७० मध्ये बेलफास्टच्या फॉल्स भागात लष्कराने संचारबंदी लावली असता स्त्रिया बाबागाड्यांतून पाव आणि दूध घेऊन तो वेढा मोडत आत शिरल्या; १९८० मध्ये आर्मा तुरुंगातील स्त्री कैद्यांनी आंदोलन केले आणि मरेड फॅरेल, मेरी डॉइल व मरेड न्यूजेंट यांनी उपोषण केले; हे सारे धावत्या गाडीतून पाहावे तसे समोरून गेले. त्याहून अवघड प्रश्न तर नीट मांडलेच गेले नाहीत. मार्च १९७३ मध्ये लंडनमध्ये झालेल्या बॉम्बस्फोटांत डोलर्स आणि मेरियन प्राइस या बहिणींचा सहभाग होता आणि त्या स्फोटांत सामान्य माणसे जखमी झाली. डिसेंबर १९७२ मध्ये बेलफास्टमधील जीन मकॉनव्हिल या दहा मुलांच्या विधवा आईला आयआरए या सशस्त्र प्रजासत्ताकवादी संघटनेने घरातून उचलून नेऊन ठार केले आणि तिचा मृतदेह २००३ पर्यंत सापडला नाही. पाच बैठकांत या चळवळीविषयी आदर निर्माण झालेल्या श्रोत्यांना या घटनांना सामोरे जाण्यासाठी पुरेसा अवधी द्यायला हवा होता. स्त्रिया चळवळीत होत्या म्हणून ती अधिक कोमल झाली असे मानणे जसे चुकीचे, तसेच त्यांच्या हातून किंवा त्यांच्या संघटनेकडून झालेल्या हिंसेवर पाच मिनिटांत शिक्का मारून पुढे जाणेही चुकीचे आहे. एका श्रोत्याने हा मुद्दा काढला, मॅडमनी प्रामाणिकपणे ऐकून घेतला, पण घड्याळ पुढे सरकत होते. हा भाग दोन बैठकांत विभागल्याशिवाय या विषयाला न्याय मिळणार नाही.

व्यवस्थेविषयी थोडेसे. पुस्तिका सुबक आहे, मजकूर शुद्ध आणि वाचनीय आहे. परंतु डब्लिनचा एकही नकाशा तीत नाही, त्यामुळे टपाल कार्यालय, सेंट स्टीफन्स ग्रीन आणि बोलंड्स मिल यांच्यामधले अंतर डोळ्यांसमोर येत नाही. उठावातील एक सेनानी डी व्हलेरा यांनी बोलंड्सच्या ठाण्यावर स्त्रियांना घेतलेच नाही, हे सांगताना तर नकाशाची उणीव फारच जाणवली. बैठक ठरलेल्या वेळेपेक्षा उशिरा सुरू होते, कारण उशिरा येणाऱ्यांसाठी थांबले जाते. वेळेवर येणाऱ्यांवर हा अन्याय आहे आणि शेवटच्या बैठकीला मिळालेला वेळ याच सवयीने आणखी कमी झाला. बसण्याची सोय चांगली आहे, मागच्या रांगेतही ऐकू येते. वाहने लावण्यासाठी जागा अपुरी असल्याने नाशिकरोड किंवा सिडकोहून येणाऱ्यांनी बसने आलेले बरे.

हे दोष धरूनही हे शुल्क मी पुन्हा आनंदाने भरेन. इतिहास शिकवणाऱ्या शिक्षकांनी आणि स्थानिक इतिहासावर काम करणाऱ्यांनी हा वर्ग आवर्जून करावा. केवळ रोमहर्षक प्रसंग ऐकण्याची इच्छा असणाऱ्यांना तो संथ वाटेल. संयोजकांनी दिवाळीनंतर याच विषयाची दुसरी तुकडी घेण्याचे ठरवले आहे आणि उत्तर आयर्लंडसाठी जादा बैठक देण्याची आमची मागणी लेखी स्वरूपात घेतली आहे. नावनोंदणी अभ्यासिकेत प्रत्यक्ष जाऊनच करावी लागते, आणि जागा मोजक्याच असल्याने ती लवकर केलेली चांगली.