पेपे इस्बर्तसाठी तरी घ्याच: 'एल बेर्दुगो'ची ब्लू-रे

क्रायटेरियनने (निवडक पिक्चर डिस्कवर काढणारी अमेरिकन कंपनी) 2016 ला काढलेली 'एल बेर्दुगो' (म्हणजे जल्लाद) या स्पॅनिश पिक्चरची ब्लू-रे घ्यावी का असं कोणी विचारलं तर माझं उत्तर हो, डोळे झाकून घ्या, आणि त्याचं कारण त्यातला स्पॅनिश नट पेपे इस्बर्त. पिक्चर स्पॅनिश दिग्दर्शक बेर्लांगाचा, 1963 चा, लेखनात राफाएल आस्कोना, हिरो इटलीचा नीनो मानफ्रेदी, पण सगळ्यांना खाऊन टाकतो तो 77 वर्षांचा हा बुटका, गुबगुबीत म्हातारा.

इस्बर्त यात आमादेओ आहे, रिटायरमेंटला आलेला सरकारी जल्लाद. तेव्हा स्पेनमध्ये दोर नव्हता, गारोते होतं, म्हणजे माणसाला बसवून गळ्याभोवती लोखंडी पट्टा आवळायचा. जल्लादाची पोरगी म्हणून कार्मेनचं लग्न जमत नाही, आणि मुडदे उचलायचं काम करतो म्हणून होसे लुईसला (म्हणजे मानफ्रेदीला) कोणी पोरगी देत नाही, मग या दोघांचं जमतं, आणि पुढे सरकारी फ्लॅट हातचा जाऊ नये म्हणून सासऱ्याची नोकरी जावयाच्या गळ्यात पडते.

सुरुवातीचाच सीन बघा. तुरुंगातला गार्ड नाश्ता करतोय, आमादेओ काम उरकून बाहेर येतो आणि आपली छोटी बॅग त्याच टेबलावर ठेवतो. त्या बॅगेत काय आहे ते गार्डला माहितीय, त्याचा घास घशाखाली उतरेना, आणि इस्बर्त? ऑफिस सुटल्यावर घरी निघालेल्या क्लार्कसारखा शांत! कुठे डोळे वटारणं नाही, गूढ हसणं नाही. नंतर घरी बसून तो अगदी मनापासून समजावतो की गारोतेच बरं, गिलोटिनने तुकडे झालेला माणूस पुरणं शोभतं का, आणि अमेरिकेतली विजेची खुर्ची तर माणसाला काळा कोळसा करते. इतका गोड आजोबा वाटतो की अंगावर काटा येतो, आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये माद्रिदला दोन अराजकवाद्यांना खरोखर गारोतेने मारलं होतं हे डोक्यात आलं की तो गोडवा आणखीच टोचतो. व्हेनिसला पिक्चरला समीक्षकांचं बक्षीस मिळालं, पण रोममधला स्पेनचा राजदूत मात्र जाम भडकला.

आता डिस्कबद्दल. 4के रिस्टोरेशन सुंदर आहे, कॅमेरामन तोनिनो देल्ली कोल्लीचं ब्लॅक अँड व्हाइट काम एकदम स्वच्छ दिसतं, गर्दीच्या फ्रेममध्ये कोपऱ्यात उभा असलेला इस्बर्त काय करतोय तेसुद्धा कळतं, आणि तो करतच असतो काहीतरी. आवाज मोनोच आहे पण त्याचा तो खरखरीत, घोगरा आवाज मस्त ऐकू येतो, अर्धं काम त्या आवाजाचंच आहे. सबटायटल्स फक्त इंग्लिश. ब्लू-रे डिस्क ठरावीक देशांच्या गटातल्या (रीजनमधल्या) प्लेयरवरच चालते; ही डिस्क रीजन ए ची आहे, आपल्याकडे रीजन सी, त्यामुळे भारतात बघायची तर रीजन-फ्री प्लेयर लागेल, हे आधी बघून घ्या.

एक्स्ट्रामध्ये स्पॅनिश दिग्दर्शक आल्मोदोवारची मुलाखत आहे, बेर्लांगावर एक कार्यक्रम आहे, चांगलं आहे सगळं. पण इस्बर्तवर वेगळं काही नाही याचं मला फार वाईट वाटलं. अरे, हा माणूस 1912 मध्ये स्पेनचा पंतप्रधान कानालेखास याच्या खुनावर निघालेल्या छोट्या फिल्ममध्ये खुनी झाला होता, नंतर वर्षानुवर्षं माद्रिदची नाटकं गाजवली, 1953 च्या 'बिएनवेनिदो मिस्टर मार्शल' मध्ये बाल्कनीतून तेच तेच वाक्य फिरवून फिरवून भाषण ठोकणारा बहिरा महापौर त्याचाच, आणि 'ला ग्रान फामिलिया' मध्ये नाताळच्या गर्दीत हरवलेल्या नातवाला "चेंचो!" म्हणून हाका मारणारा आजोबाही तोच. त्याची मुलगी मारिया इस्बर्तही नटी. एवढ्या माणसावर वीस मिनिटं तरी द्यायला हवी होती, त्यासाठी माझा एक स्टार कमी, म्हणजे पाचपैकी चार.

ही डिस्क आवडली तर पुढे मार्को फेरेरीचा 'एल कोचेसितो' (1960) शोधा, त्यात इस्बर्त धडधाकट असून मित्राकडे आहे म्हणून मोटारवाल्या व्हीलचेअरसाठी हटून बसतो, आणि तो हट्ट कुठपर्यंत जातो ते मी सांगणार नाही.