लाल शाईची फाइल: सांगलीतल्या एका प्रसूतिगृहाचा आमचा अनुभव

पाचपैकी चार तारे देते आहे. एक का कापला तेही लिहिते.

मी स्वतः ओ निगेटिव्ह. त्यामुळे प्रसूतिगृह बघायला गेले की खोली केवढी, एसी आहे का, याकडे माझं लक्ष जात नाही. बाईचा रक्तगट निगेटिव्ह आहे म्हटल्यावर समोरची व्यक्ती पुढे काय विचारते, तेवढंच मी ऐकते.

१९८९ मध्ये मला पहिला मुलगा झाला, ओ पॉझिटिव्ह. बाळ पॉझिटिव्ह म्हणून बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत मला अँटी-डीचं इंजेक्शन, म्हणजे पुढच्या बाळाला धोका होऊ नये म्हणून निगेटिव्ह आईला देतात ते, मिळायला हवं होतं. कुणी दिलं नाही, कुणी सांगितलंही नाही. हे औषध १९६८ पासून वापरात आहे, हे मला फार उशिरा कळलं. १९९३ मध्ये मुलगी झाली. पहिल्याच दिवशी संध्याकाळपर्यंत पोर हळदीसारखी पिवळी पडली. मिरजेला नेलं. तिथे बेंबीतल्या शिरेतून थोडं थोडं काढत, थोडं थोडं घालत तिचं रक्त दोनदा बदललं. जीव वाचला, पण कावीळ कानांवर गेली. आजही ती दोन्ही कानांना मशीन लावते.

सूनबाई ए निगेटिव्ह. पहिलं बाळंतपण माहेरी करायची आपली रीत, पण तिची आई नाही. मीच म्हटलं, इथेच करू. आठव्या आठवड्यात या प्रसूतिगृहात नाव घातलं. सिस्टरनी रिपोर्ट बघितला आणि फाइलच्या कव्हरवर लाल शाईने ठळक लिहिलं, ‘आरएच निगेटिव्ह’. माझा अर्धा जीव तिथेच भांड्यात पडला.

डॉक्टर मॅडमनी तीन प्रश्न विचारले. आधी कधी गर्भ पडला होता का? कधी रक्त चढवलं होतं का? नवऱ्याचा गट कोणता? पॉझिटिव्ह रक्त बाईच्या अंगात पहिल्या दोन वाटांनी शिरलेलं असू शकतं, म्हणून हे विचारायचं. नंतर त्यांनी सूनबाईला समोर बसवून सगळं सांगितलं, माझ्याकडे किंवा मुलाकडे बघून नाही. निगेटिव्ह म्हणजे आजार नाही, लाल पेशींवर डी नावाचा एक घटक नसतो एवढंच. आपल्याकडे अशी माणसं शंभरात पाचच्या आसपास. बाळ पॉझिटिव्ह असलं तर बाळंतपणात त्याचं थोडं रक्त आईच्या रक्तात मिसळतं. आईचं शरीर त्याला परकं समजून त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडं, म्हणजे अँटीबॉडीज, तयार करतं. पहिलं बाळ तोवर जन्मलेलं असतं, म्हणून ते बहुतेक वेळा सुटतं. पण तीच प्रतिपिंडं पुढच्या खेपेला वारेतून पलीकडे जातात आणि पोटातल्या बाळाच्या लाल पेशी फोडतात. माझ्या मुलीचं काय झालं, ते मला इतक्या सरळ शब्दांत कुणीतरी पहिल्यांदा सांगत होतं.

मी माझा गट सांगितला तेव्हा त्या म्हणाल्या, “काकू, मग तुमच्या मुलाकडे एक जनुक तुमच्याकडून निगेटिव्हचं आलंय. बाळ पॉझिटिव्ह की निगेटिव्ह, शक्यता निम्मी निम्मी.” तरीही त्यांनी धोका पत्करला नाही.

ही प्रतिपिंडं तयारच होऊ नयेत म्हणून अठ्ठाविसाव्या आठवड्यात अँटी-डीचं ३०० मायक्रोग्रॅमचं इंजेक्शन ठरलं होतं. इथली शिस्त मला मनापासून आवडली. त्यांनी आयसीटी तपासणीसाठी रक्त आधी घेतलं आणि मग इंजेक्शन दिलं. आईच्या रक्तात प्रतिपिंडं झाली आहेत का, ते या तपासणीत कळतं. इंजेक्शन आधी टोचलं तर औषधातलीच प्रतिपिंडं तपासणीत दिसतात आणि घोटाळा होतो. औषध फ्रीजमधून काढून, कुपीवरची तारीख सूनबाईला दाखवून दिलं. बिल अडीच हजारांच्या आसपास झालं. छत्तिसाव्या आठवड्यात रक्तपेढीला कळवून ठेवायलाही त्यांनीच सांगितलं, कारण निगेटिव्ह रक्त ऐन वेळी मिळेलच असं नसतं.

आता कापलेला तारा. सूनबाई शनिवारी रात्री साडेदहाला बाळंत झाली. मुलगी. नाळेतलं रक्त लगेच घेतलं, पण रविवारी लॅब बंद. बाळाचा गट सोमवारी सकाळी कळला, ए पॉझिटिव्ह. दुसरं इंजेक्शन दुपारी बारा वाजता दिलं. मुदत मंगळवारी रात्रीपर्यंत होती, म्हणजे उशीर झाला नाही, हे मान्य. पण तो अख्खा रविवार मी पॅसेजमध्ये भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत काढला. असं काम करणाऱ्या ठिकाणी रविवारी रक्तगट बघायची सोय हवीच. दुसरं म्हणजे, डिस्चार्ज कार्डावर फक्त ‘इंजे. दिले’ एवढंच लिहिलं होतं. मी काउंटरवर उभी राहून औषधाचं नाव, मात्रा, तारीख, वेळ आणि बॅच नंबर लिहून घेतला. त्यांनी तक्रार न करता लिहून दिला. तुम्हीही घ्या.

हे इंजेक्शन दात्यांच्या रक्तद्रवापासून बनतं, आता प्रयोगशाळेत तयार केलेलंही मिळतं. ऑस्ट्रेलियातल्या जेम्स हॅरिसन यांच्या रक्तात ही प्रतिपिंडं भरपूर होती. १९५४ ते २०१८ या काळात त्यांनी ११७३ वेळा दान केलं. २०२५ मध्ये ते गेले. ती बातमी मी घरात सगळ्यांना वाचून दाखवली होती.

नात बरी आहे. तिसऱ्या दिवशी थोडी पिवळी झाली, ती निळ्या लाइटखाली एका दिवसात उतरली. घरी निघताना मॅडमनी सूनबाईला बजावलं की पुढे दिवस राहिले तर कळल्याबरोबर यायचं, पहिल्या भेटीतच आयसीटी करायची, आणि मध्येच रक्तस्राव झाला किंवा गर्भ पडला तरी घरी बसून राहायचं नाही, त्या वेळीही हे इंजेक्शन लागतं. सूनबाईने ते मोबाइलमध्ये लिहून ठेवलंय. कार्डाची एक प्रत माझ्या कपाटातही आहे.